बोमवरच्या माहितीपटात बोमची भौतिकी किती हवी?

निळी शाई

डेव्हिड बोमवरचा पॉल हॉवर्ड यांचा 'इन्फिनिट पोटेन्शियल' हा २०२० सालचा माहितीपट इथल्या बऱ्याच जणांनी पाहिला असेल. नसेल पाहिला तर थोडक्यात: बोम (१९१७–१९९२) हा अमेरिकेत जन्मलेला पुंजभौतिकशास्त्रज्ञ, ओपेनहायमरचा विद्यार्थी. मॅकार्थीच्या काळात, म्हणजे साम्यवादाच्या नुसत्या संशयावरून अमेरिकेत लोकांचा पिच्छा पुरवला जात होता तेव्हा, त्याला देश सोडावा लागला. पुढे तो लंडनच्या बर्कबेक कॉलेजात प्राध्यापक झाला आणि तत्त्वचिंतक जे. कृष्णमूर्तींशी त्याचा दीर्घकाळ संवाद चालू राहिला. माहितीपटात त्याचे सहकारी बेसिल हायली बोलतात, रॉजर पेनरोझ बोलतात, तसेच दलाई लामा आणि शिल्पकार अँटनी गॉर्मलीही.

पट मनापासून केलेला आहे, यात शंका नाही. पण त्याचा झोक 'सगळं विश्व एकसंध आहे' या बाजूला फार जातो, असं माझं ठाम मत आहे. पाहून उठणाऱ्याला बोम थोर वाटतो; का थोर, हे विचारलं तर मात्र सांगता येत नाही. भौतिकशास्त्रज्ञाच्या चित्रणाकडून माझी अपेक्षा याहून जास्त आहे.

१९५२ चंच काम घ्या. 'फिजिकल रिव्ह्यू'त त्या जानेवारीत बोमचे दोन लेख आले. तोवर बहुतेकांची समजूत अशी होती, की मोजमाप होण्याआधी इलेक्ट्रॉन नेमका कुठे आहे हे विचारण्यातच अर्थ नाही. १९३२ मध्ये फॉन नॉयमनने गणिताने दाखवलं होतं, की पुंजसिद्धांताच्या पोटात लपलेल्या, म्हणजे मोजमापात न दिसणाऱ्या, राशी घालून तो पूर्ण करताच येणार नाही. त्या सिद्धतेतली फट ग्रेटे हर्मन या जर्मन गणितज्ञ बाईंनी १९३५ मध्येच दाखवली होती, पण त्यांचं कोणी ऐकलं नाही. बोमने वाद घातला नाही, उदाहरणच उभं केलं. कणाला प्रत्येक क्षणी ठरावीक जागा आहे. श्रोडिंगरच्या, म्हणजे पुंजभौतिकीच्या मूळ, समीकरणाने चालणारी लाट त्याला दिशा देते. आणि सुरुवातीच्या जागांचं वाटप नेहमीच्या नियमाने धरलं, तर प्रयोगाची सगळी उत्तरं जशीच्या तशी मिळतात. जॉन बेल या भौतिकशास्त्रज्ञाने पुढे लिहिलं, की १९५२ मध्ये अशक्य ते घडलेलं मी पाहिलं.

हे पडद्यावर दाखवता येत नाही, असं कोणी म्हणू नये. १९७९ मध्ये फिलिपिडिस, ड्यूडनी आणि हायली या तिघांनी दोन फटींच्या प्रयोगासाठी (दोन बारीक फटींतून कण सोडले, की पलीकडच्या पडद्यावर उजळ आणि काळ्या पट्ट्या उमटतात, तो प्रयोग) बोमच्या सूत्राने कणांचे मार्ग काढले. त्या आकृतीत दोन फटींतून रेषांचे दोन झुपके निघतात. थोडं अंतर सरळ गेल्यावर त्या वळवळायला लागतात, काही जागा टाळतात, काही जागी दाटी करतात आणि शेवटी नेमक्या उजळ पट्ट्यांवर जाऊन बसतात. एकही मार्ग मधली रेषा ओलांडत नाही. वरच्या फटीतून निघालेला कण वरच्याच अर्ध्यात पडतो. 'कण कुठल्या फटीतून गेला?' या प्रश्नाला त्या आकृतीत सरळ उत्तर आहे. या एका चित्राला पाच मिनिटं दिली तर सामान्य प्रेक्षकालाही कळेल, की या माणसाने नक्की काय केलं.

उत्तररात्र

ताई, तुमची तळमळ कळते, पण या म्हणण्याशी मी सहमत नाही. तुम्ही बोमला १९५२ मध्ये थांबवता. तो स्वतः तिथे थांबला नव्हता.

'एकसंधता' हा त्याच्या भौतिकीवर नंतर चढवलेला मुलामा नाही, ती त्याच्या समीकरणातच आहे. त्याच्या सिद्धांतातलं क्वांटम पोटेन्शियल, म्हणजे लाटेचा कणावरचा परिणाम सांगणारी राशी, लाटेच्या उंचीवर नव्हे, तर आकारावर अवलंबून असतं. लाट क्षीण झाली तरी परिणाम क्षीण होत नाही. अनेक कण असतील तर एका कणावरचा परिणाम त्याच क्षणी बाकी सगळ्यांच्या जागांवर अवलंबून राहतो, मग ते कितीही दूर असोत. आता सांगा, ही एकसंधता तत्त्वज्ञानाची की भौतिकीची?

त्याच्याही आधी बर्कलेत तो प्लाझ्मावर, म्हणजे इलेक्ट्रॉन सुटे झालेल्या वायूवर, काम करत होता. तिथे त्याला दिसलं, की इलेक्ट्रॉन सुटे असूनही समूह म्हणून वागतात. प्रिन्स्टनला डेव्हिड पाइन्सबरोबर त्याने त्याचं रीतसर गणित मांडलं. सुटा कण आणि सगळ्यांचं मिळून वागणं हा प्रश्न त्याला तेव्हापासून लागलेला आहे. पुढे इंग्लंडात ब्रिस्टलच्या ग्रंथालयात त्याच्या पत्नीला, सारल यांना, कृष्णमूर्तींचं पुस्तक सापडलं. त्यातली पाहणारा आणि पाहिलं जाणारं यांची चर्चा वाचून त्याला आपलाच प्रश्न दुसऱ्या कोणी विचारल्यासारखा वाटला. १९६१ मध्ये दोघे भेटले. त्यानंतरच्या तीस वर्षांतला बोम वगळून जे उरेल त्याला त्याचं व्यक्तिचित्र म्हणता येणार नाही. १९५२ ची मांडणी ही पहिली पायरी आहे, असं तो स्वतःच मानायचा.

आणि दलाई लामा पटात का, असं कोणी विचारेल म्हणून आधीच सांगतो. ते बोमला आपल्या विज्ञानातल्या गुरूंपैकी एक म्हणत आले आहेत. हे नातं खरं आहे, पटासाठी ओढूनताणून आणलेलं नाही.

चुंबकसूची

दोघांचंही बोलणं बोमच्या त्या कामाभोवती फिरतंय, ज्यातून प्रयोगाला नवं काही मिळालं नाही. मी प्रयोगशाळेत शिकवते, म्हणून जे मोजता येतं तिथून सुरू करते.

१९५९, ब्रिस्टल. याकिर अहारोनोव हा बोमचा विद्यार्थी. दोघांनी म्हटलं: एक लांब, बारीक वेटोळं घ्या, चुंबकक्षेत्र पूर्ण त्याच्या आत कोंडलेलं. इलेक्ट्रॉनची लाट त्याच्या दोन्ही बाजूंनी जाऊ द्या, आत शिरू देऊ नका. इलेक्ट्रॉन जिथून जातो तिथे क्षेत्र शून्य आहे, बल शून्य आहे. तरीही दोन्ही बाजूंच्या लाटा पुन्हा भेटतात तेव्हा पट्ट्या सरकलेल्या दिसतील. एहरेनबर्ग आणि सायडे यांनी १९४९ मध्येच हे लिहिलं होतं, पण तेव्हा कोणाचं फारसं लक्ष गेलं नाही. पुढच्याच वर्षी, १९६० मध्ये, ब्रिस्टललाच चेंबर्सने पट्ट्या सरकताना पाहिल्या. शंकेखोर म्हणाले, क्षेत्र बाहेर गळत असणार. मग १९८६ मध्ये जपानात हिताचीच्या प्रयोगशाळेत अकिरा तोनोमुरा यांनी काही मायक्रॉन आकाराचं चुंबकाचं कडं केलं आणि ते चुंबकक्षेत्र आरपार जाऊ न देणाऱ्या अतिसंवाहक नायोबियमने पूर्ण मढवलं, म्हणजे गळती बंद. कड्याच्या छिद्रातून गेलेली लाट आणि बाहेरून गेलेली लाट यांच्या पट्ट्यांच्या छायाचित्रात दिसतं, की छिद्रातल्या पट्ट्या बाहेरच्यांच्या तुलनेत बरोबर अर्ध्या पट्टीने हललेल्या आहेत.

बोमचं व्यक्तिचित्र करायचं तर मध्यभागी हे हवं. ज्या विद्युतचुंबकीय विभवाला (ज्या राशीतून विद्युत आणि चुंबकक्षेत्र काढतात तिला) सगळे गणिताची सोय समजत होते, ते निसर्गात काहीतरी करतं, हे यातून कळलं. कृष्णमूर्ती मानणारा आणि न मानणारा दोघांनाही ते छायाचित्र मान्य करावं लागतं.

निळी शाई, तुमच्या १९७९ च्या आकृतीबद्दल माझी तक्रार गंभीर आहे. ते मार्ग गणिताने काढलेले आहेत, पाहिलेले नाहीत. बोमचा सिद्धांत नेहमीच्या सिद्धांताचीच उत्तरं देतो, त्यामुळे ते मार्ग खरे की खोटे हे कुठल्याही प्रयोगाने ठरत नाही. पुंजभौतिकी घडवणाऱ्यांपैकी एक असलेल्या पाउलीने १९५१ च्या डिसेंबरमध्येच बोमला लिहिलं होतं, की तर्कात विसंगती दिसत नाही, पण तुझी जास्तीची विधानं म्हणजे सध्या तरी न वटणारा चेक आहे. १९९२ मध्ये चार भौतिकशास्त्रज्ञांनी असेही प्रसंग दाखवले, जिथे कण टिपणारं यंत्र एक फट सांगतं आणि बोमचा मार्ग दुसऱ्या फटीतून जातो. त्यांनी या मार्गांना अतिवास्तव म्हटलं. अशी आकृती पडद्यावर हलती करून दाखवली, की प्रेक्षक म्हणणार, इलेक्ट्रॉन असाच जातो. दिशाभूलच झाली ना ती?

निळी शाई

चुंबकसूची, तोनोमुरांचं छायाचित्र पटात हवं, यावर आपलं एकमत आहे. मार्गांच्या बाबतीत नाही.

'इलेक्ट्रॉन असाच जातो' हे सांगण्यासाठी मला ती आकृती नको आहे. 'असा जाऊ शकतो, आणि गेला तरी गणिताला बाध येत नाही' एवढंच तिने सांगावं. अशक्य म्हणणाऱ्याला एकच उदाहरण पुरतं, ते खरं असण्याची गरज नसते, सुसंगत असलं म्हणजे झालं. चेक वटला नाही म्हणता, पण बेल त्याच चेकवरून पुढे गेला. बोमच्या मांडणीत दूरचा कण त्याच क्षणी परिणाम करतो, हे त्याला खटकलं. हे टाळता येईल का, असं त्याने विचारलं आणि १९६४ मध्ये उत्तर आलं: सुसंगत राहून टाळता येत नाही. शिवाय ज्या मांडणीवर बेलने काम केलं, स्पिन (कणाचा अंगभूत, फिरकीसारखा गुण) असलेल्या दोन कणांची जोडी एकमेकांपासून दूर जाते ती, ती आइनस्टाइन-पोडोल्स्की-रोझेनच्या मूळ लेखातली नाही. तिला तो सोपा आकार बोमने आपल्या १९५१ च्या पाठ्यपुस्तकात दिला. क्लाउझर, आस्पे आणि झायलिंगर यांना २०२२ चं नोबेल ज्या प्रयोगांसाठी मिळालं, त्यांची वाट इथून जाते.

उत्तररात्र, तुमचा क्वांटम पोटेन्शियलचा परिच्छेद मला फार आवडला. माझी मागणीही तीच आहे. एकसंधता समीकरणातून येते म्हणता ना, मग समीकरणातूनच दाखवा. नदी, आकाशगंगा आणि उडणारे पक्षी दाखवून ती सिद्ध होत नाही.

पानाआड

मी माहितीपटांचं संकलन करतो, भौतिकीत माझा अधिकार नाही. पण पडदा कशाने चालतो ते सांगू शकतो.

बोमने एक प्रात्यक्षिक बीबीसीवर पाहिलं होतं आणि त्याच्या मनात ते घर करून राहिलं. एकात एक काचेचे दोन दंडगोल, मधल्या जागेत ग्लिसरीन. ग्लिसरीनमध्ये शाईचा थेंब टाकायचा आणि दंडगोल फिरवणारा दांडा सावकाश फिरवायचा. थेंब ताणला जातो, त्याचा दोरा होतो, दोरा विरत विरत दिसेनासा होतो. आता दांडा उलटा फिरवा. काहीच नाही असं वाटत असताना दोरा परत येतो, आखडतो आणि थेंब जसाच्या तसा समोर उभा राहतो. यावरूनच त्याने 'गुंडाळलेल्या क्रमा'ची कल्पना समजावली, जिला तो इम्प्लिकेट ऑर्डर म्हणायचा आणि १९८० मध्ये ज्यावर त्याचं पुस्तक आलं.

प्रेक्षकाला हे आवडतं याचं कारण, डोळ्यांदेखत काहीतरी नाहीसं होतं आणि परत येतं. तुमची वळवळणाऱ्या रेषांची आकृती सुंदर आहे, पण ती समजायला आधी दोन फटींचा प्रयोग समजावा लागतो, त्याआधी लाटांची बेरीज आणि त्याआधी संभाव्यता. पाच मिनिटांत होईल म्हणता. संकलनाच्या टेबलावर बसून सांगतो, पंधरा लागतील, आणि सातव्या मिनिटाला माणूस उठेल. व्यक्तिचित्रणात माणसाचा चेहरा दिसावा लागतो. बोम बोलताना अडखळायचा, शब्द शोधायचा, हात हवेत फिरवायचा; जुन्या चित्रफितींत हे दिसतं. विचार करणारा माणूस पडद्यावर दिसणं दुर्मिळ आहे, आणि मला तेच शिक्षण वाटतं.

चुंबकसूची

पानाआड, शाईच्या थेंबाबद्दल एक सांगायलाच हवं. त्यात क्वांटम काहीही नाही. ग्लिसरीन दाट असतं, हालचाल संथ असते, म्हणून द्रवाचे थर न मिसळता एकमेकांवरून सरकतात आणि उलट फिरवल्यावर त्याच वाटेने परत येतात. हे एकोणिसाव्या शतकातलं द्रवगतिशास्त्र आहे. वेगाने फिरवलं, किंवा थेंब तसाच बराच वेळ राहू दिला, तर शाई पसरते आणि परत येत नाही. बोम ते उपमा म्हणून वापरायचा आणि त्याला हे पक्कं माहीत होतं. पटात उपमेच्या पाठोपाठ 'म्हणून विश्व असं आहे' आलं, की पाहणाऱ्याला तो पुरावा वाटतो. मी शिकवताना हा गोंधळ नेहमी पाहते.

सातवा दीर्घ

चर्चा भौतिकी विरुद्ध अध्यात्म अशी चालली आहे. मला तिसरीच गोष्ट जास्त खटकते, 'दडपलेली प्रतिभा' या साच्याची.

या साच्यातली कथा साधारण अशी असते: बोम साम्यवादी म्हणून त्याचा छळ झाला, आणि म्हणून त्याचा सिद्धांत गाडला गेला. यातला पहिला भाग खरा आहे. १९४९ मध्ये अमेरिकी संसदेच्या समितीपुढे त्याने साथीदारांची नावं सांगायला नकार दिला, १९५० च्या डिसेंबरमध्ये त्याला अटक झाली, १९५१ च्या मे महिन्यात तो निर्दोष सुटला. तरीही प्रिन्स्टनने त्याचा करार पुढे चालू ठेवला नाही. आइनस्टाइनच्या शिफारशीसह तो त्या ऑक्टोबरात साओ पाउलोला गेला.

दुसरा भाग मात्र तपासून घ्यायला हवा. लेख 'फिजिकल रिव्ह्यू'त छापून आले, भौतिकीतल्या सगळ्यात मानाच्या नियतकालिकात. ते दडपले गेले नाहीत. सर्वात कडवा विरोध करणाऱ्यांत लेऑन रोझेनफेल्ड होता, प्रचलित मांडणीच्या नील्स बोरचा निकटचा सहकारी, आणि तो स्वतः मार्क्सवादी होता. बोमला साम्यवादाचा वास येतो म्हणून त्याने विरोध केला, असं म्हणताच येत नाही. आणि ज्या आइनस्टाइनशी बोलून बोम या वाटेला लागला, त्यानेच १२ मे १९५२ ला मॅक्स बॉर्नला लिहिलं, की हा मार्ग मला फारच स्वस्तातला वाटतो. विरोध वेगवेगळ्या दिशांनी, वेगवेगळ्या कारणांनी आला. एका खलनायकाची कथा सांगायला सोपी, पण ती खरी नाही.

ओपेनहायमरच्या तोंडी घातलं जाणारं एक वाक्यही सारखं फिरतं: बोमला खोडता येत नसेल, तर त्याच्याकडे दुर्लक्ष करायचं ठरवू. हे आलं आहे मॅक्स ड्रेस्डेन या भौतिकशास्त्रज्ञाच्या, बऱ्याच वर्षांनी सांगितलेल्या आठवणीतून. माहितीपट करणाऱ्याने असं वाक्य वापरावं, पण ते कोणाची आठवण आहे हे पडद्यावर लिहून. नाहीतर उत्तम नाट्य होतं आणि इतिहास वाकडा होतो.

उत्तररात्र

सातवा दीर्घ, रोझेनफेल्डचा मुद्दा पटला. पण छळाचा भौतिकीवर परिणाम झाला नाही, असं तुम्हाला म्हणायचं असेल तर थांबा.

साओ पाउलोला पोहोचल्यावर थोड्याच दिवसांत अमेरिकी वकिलातीने त्याचा पासपोर्ट काढून घेतला, अमेरिकेला परतण्यापुरताच चालेल असा करून. जानेवारीत लेख छापून आले तेव्हा लेखक युरोपात जाऊन व्याख्यान देऊ शकत नव्हता. कोपनहेगनला, झ्युरिकला, पॅरिसला त्यावर चर्चा चालू, आणि हा पत्रं लिहितोय. १९५४ मध्ये त्याने ब्राझीलचं नागरिकत्व घेतलं, तेव्हा कुठे प्रवास मोकळा झाला, आणि १९५५ मध्ये तो इस्राएलला, हैफाच्या टेक्निऑनला गेला. नवा सिद्धांत फळ्यापुढे उभं राहून, आक्षेप झेलत, तोंडावर उत्तरं देत रुजतो. नेमकी तीच वर्षं त्याच्यापासून हिरावली गेली. लेख दडपला गेला नसेल, लेखक मात्र कोंडला गेला होता.

आणि त्याआधीची गोष्ट तर मला विसरता येत नाही. बर्कलेला त्याने प्रोटॉन आणि ड्यूटेरॉनच्या टकरींचं जे गणित केलं ते अणुबॉम्बच्या कामाला उपयोगी ठरलं, म्हणून गोपनीय झालं. त्याला स्वतःलाच ते पाहायची परवानगी उरली नाही, प्रबंध लिहिणं तर दूरच. ओपेनहायमरने विद्यापीठाला सांगितलं, की काम पूर्ण झालं आहे, आणि १९४३ मध्ये त्याला प्रबंधाशिवाय पदवी मिळाली. ज्या ओपेनहायमरला आपण आता त्या वाक्यासाठी धारेवर धरतोय, तोच हा. पटात हे दोन्ही प्रसंग एकापाठोपाठ यायला हवेत.

सातवा दीर्घ

मान्य. फक्त तो ब्राझीलमध्ये अगदी एकटा पडला होता, असंही चित्र नको. अर्जेंटिनाचा भौतिकशास्त्रज्ञ मारिओ बुंगे तिथे येऊन त्याच्याबरोबर काम करून गेला. फ्रान्सच्या व्हिजिएबरोबरचा लेख १९५४ चा आहे. त्याच व्हिजिएमुळे लुई द ब्रॉयी पुन्हा या वाटेवर आला, ज्याने अशीच कल्पना १९२७ मध्ये भौतिकशास्त्रज्ञांच्या सोल्वे परिषदेत मांडली होती आणि पाउलीच्या आक्षेपांनंतर सोडून दिली होती. पाउलीच्या त्या जुन्या आक्षेपाला उत्तर बोमने १९५२ च्या दुसऱ्या लेखाच्या परिशिष्टात दिलं. पंचवीस वर्षांनी एक प्रश्न पुन्हा उघडतो, एक जण पाउलीपुढे माघार घेतो, दुसरा त्याच पाउलीच्या पत्रांमुळे आपली मांडणी घट्ट करतो. पानाआड, पडद्याला नाट्य हवं ना? हे घ्या.

पानाआड

हे चालेल. पत्रं वाचून दाखवणारा आवाज, तारखा आणि दोन माणसांमधलं अंतर, एवढ्यावर अर्धा तास निभतो. पण मग चेहऱ्यावर आलेल्या त्या तीस वर्षांचं काय करायचं? बोमला नैराश्याचे तीव्र झटके यायचे, शेवटच्या वर्षांत तर रुग्णालयात राहावं लागलं. कृष्णमूर्तींशी असलेलं नातंही शेवटी ताणलं गेलं होतं. एकसंधतेवर आयुष्यभर बोलणारा माणूस आतून दुभंगत होता, हे प्रेमाने दाखवलं तर तो लहान होत नाही. संतपणाला माझाही विरोध आहे निळी शाई, फक्त तुम्ही त्यावर उपाय म्हणून समीकरण सुचवता आणि मी माणूस सुचवतो.

निळी शाई

पण हा माणूस समीकरणांतच राहत होता, पानाआड. १९९२ च्या ऑक्टोबरमध्ये तो गेला त्या दिवशीही कॉलेजात हायलींबरोबरच्या पुस्तकाचं काम करून टॅक्सीने घरी परतत होता. ते पुस्तक पुढच्या वर्षी निघालं, आणि त्यात कृष्णमूर्तींचे संवाद नाहीत. मार्ग आहेत, मोजमापाचा सिद्धांत आहे, बेल आहे, सापेक्षतेशी जुळवून घेण्याची झटापट आहे. वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी त्याला तेच पूर्ण करायचं होतं. तुम्ही म्हणता ते आजारपण, ती ताणातानी, सगळं घ्या. माझा एकाही गोष्टीला आक्षेप नाही. पण त्या पुस्तकासाठी पटात तुम्ही किती मिनिटं ठेवाल, ते सांगा.

चुंबकसूची

आणि तोनोमुरांच्या छायाचित्रासाठी किती, तेही.